भूपालआण्णांचा लांब पिक्चर

पिक्चर बघून आलेला माणूस काय सांगतो? हाणामारी भारी होती, नाहीतर गाणी टुकार होती. आमचे भूपालआण्णा मगदूम पिक्चर बघून आले की एकच विचारायचे, "ते समदं खरं साहेब, पण ती माणसं जेवली कवा?"

आता ह्याला काय उत्तर द्यायचं? राक्षसानं राजकन्या पळवलेली असते, राजपुत्र पांढऱ्या घोड्यावरून सात डोंगर ओलांडत निघालेला असतो, आणि आण्णांचा जीव अडकलेला असतो त्याच्या जेवणात. "तीन दिस घोड्यावर हाय गडी. तीन दिस! एकदा तरी भाकरी सोडल्याली दिसली तुमास्नी? आणि घोड्याला पाणी? मुकं जनावर ते, त्याला कोण इचारणार?"

"आण्णा, जेवला असेल हो कुठंतरी. दाखवलं नाही एवढंच."

"दावलं हुतं की. कापलं!" असं म्हणून ते दोन बोटांची कात्री करून माझ्या नाकासमोर चालवायचे. त्या कात्रीचा मला इतका वैताग यायचा की एकदा खरीखुरी कात्री आणून त्यांचं जानवं, टोपी, मिशी, काय हाताला लागेल ते कापावं असं वाटायचं.

शिरोली एमआयडीसीतल्या एका फौंड्रीत मी क्वालिटीला होतो आणि आण्णा कोअर शॉपचे मिस्त्री. ओतीव आतून पोकळ हवं असेल तर साच्याच्या पोटात वाळूचा एक गाभा बसवावा लागतो, तो कोअर. तो नीट भाजला नाही, नीट वाळला नाही, तर ओतलेलं लोखंड आत खदखदतं आणि सगळा माल भंगारात. आण्णांच्या हातून आलेला कोअर मी डोळे झाकून पास करायचो. कामाला माणूस सोन्यासारखा. तोंड उघडलं की मात्र डोक्याला ताप.

बरं, वेड सगळ्या पिक्चरचं असतं तरी समजू शकलो असतो. ह्यांना फक्त जादूचे लागायचे. उडणारे घोडे, बोलणारी झाडं, दाढीवाले मांत्रिक, हिंदीत डब केलेले इंग्रजी राक्षस. सोमवारी कारखान्याला सुट्टी, की आण्णा बारा वाजताच्या खेळाला हजर. सासू-सुनांचा पिक्चर, गावगुंडांचा पिक्चर ह्यात त्यांना रस नव्हता. त्यामागं त्यांचं शास्त्र होतं, आणि ते त्यांनी मला इतक्या वेळा ऐकवलं होतं की झोपेत उठवून विचारलं असतं तरी मी घडाघडा म्हणून दाखवलं असतं.

"हे बघा साहेब. मुंबईचा पिक्चर आखूड असला तरी चालतो. मुंबई आपल्याला ठावं हाय. पण जादूचं राज्य कुणी बघितलंय? तिथं पैलं चार दिस ऱ्हायला पायजे. पाणी कुठनं आणत्यात, चूल कशी पेटवत्यात, म्हातारी माणसं काय बोलत्यात, ते कळाय पायजे. मग तिथलं कोण मेलं तर आपल्याला वाईट वाटंल की. वळख ना पाळख, आणि रडा म्हणत्यात! हे म्हंजे वल्ला कोअर साच्यात घातल्यागत झालं. घाई केली की माल फुटणारच."

पिक्चर सांगायचेही तसेच. कॅन्टीनमध्ये जेवणाच्या सुट्टीत डबा उघडला की आण्णांची गोष्ट सुरू. दोन तासांचा पिक्चर आण्णांच्या तोंडून अकरा दिवस चालायचा. भट्टीवरचे माने म्हणजे घाईचा माणूस. एकदा कळवळून म्हणाले, "आण्णा, पाया पडतो, राक्षस मरतोय कवा तेवढं सांगा." आण्णा शांतपणे म्हणाले, "मरतोय की. पैलं त्याला जल्माला तर येऊ द्या." माने डबा उचलून दुसऱ्या टेबलावर गेले ते महिनाभर आमच्यात आले नाहीत.

आणि एवढा पाल्हाळ लावणारा माणूस संध्याकाळी पाचचा भोंगा झाला की एक शब्द बोलायचा नाही. वाक्य अर्धं असलं तरी तोडून, टोपी घालून, एम-एटीला किक मारून गडमुडशिंगीच्या वाटेला. ओव्हरटाइम नाही, कुणाच्या बढतीची पार्टी नाही, रंकाळ्यावरची भेळ नाही. आण्णा जैन, दिवस मावळायच्या आत जेवणारे, हे आम्हाला माहीत होतं. पण आमच्यात आणखीही जैन होते, ते डबा आणून साडेपाचला जेवून घ्यायचे आणि पुन्हा कामाला लागायचे. ह्यांना घरीच जायचं असायचं. वर, कोल्हापूरच्या माणसाला न शोभणारी गोष्ट म्हणजे पंधरा वर्षांत त्यांनी एका माणसाला घरी जेवायला बोलावलं नव्हतं. लग्न केलेलं नाही, घरी थोरली बहीण असते, एवढीच माहिती. माने डोळा मारून म्हणायचे, "आण्णानं कुणीतरी ठेवलीया. लिहून घ्या माझ्याकडनं."

ह्या सगळ्यात आला घंटेचा पिक्चर.

अठ्ठ्याण्णव-नव्व्याण्णवची गोष्ट असेल. पिक्चर इंग्रजी, डब केलेला, पोस्टरवर ड्रॅगन. पण आमच्या अख्ख्या फौंड्रीनं तो बघितला, कारण त्यात ओतकाम होतं. एका डोंगरातल्या राज्याची मोठी घंटा ड्रॅगन फोडून टाकतो. घंटा वाजली नाही की त्या राज्यात सकाळच होत नाही. मग एक म्हातारा ओतारी आणि एक पोरगी एका खेचरावर सामान लादून डोंगरावर जातात आणि नवी घंटा ओततात. सकाळ होते. म्हातारा तिथंच घंटेला टेकून मरतो. संपला पिक्चर.

घंटा ओतायचा प्रसंग पडद्यावर अर्ध्या मिनिटात उरकला तेव्हा आमची कोअर शॉपची गँग थेटरात ओरडली, "आरं, साचा वाळला कवा?" लोक हसले, मीही हसलो. आण्णा हसले नाहीत. पिक्चर सुटल्यावर ते तडक मॅनेजरच्या केबिनमध्ये शिरले. मी बाहेरून ऐकत होतो, कारण माझी स्कूटर त्यांच्या एम-एटीच्या पलीकडं अडकली होती.

"कापल्यालं कुठं ठिवलंय?"

"काय कापलेलं?"

"म्हातारा घरी जातो ते. ते कुठाय?"

"पावणं, म्हातारा मरतोय त्यात."

"डोळं मिटल्यालं दावलंय. दमला असंल. एवढं मोठं काम केलं माणसानं. झोपला असंल, उठला असंल, घरी गेला असंल. तेवढं कापलंसा न्हवं, पुढचा खेळ लावायला?"

मॅनेजरनं त्यांना आधी चहा पाजला, मग पाणी पाजलं आणि शेवटी दार दाखवलं. आण्णांचं मत काही बदललं नाही. त्या दिवसापासून "जेवली कवा" बरोबर दुसरा जप सुरू झाला: म्हातारा घरी पोचला का? कुणी पुण्या-मुंबईला निघाला की आण्णा त्याला गाठायचे. "तिकडं पुरा पिक्चर लागला असंल तर बघून या. म्हातारा घरी पोचतो का तेवढंच सांगा." लोक आंबा बर्फी आणायचे, उत्तर आणायचे नाहीत. चार-पाच वर्षं हे चाललं. डोकं पिकलं आमचं.

मग एकदा जर्मनीचं गिऱ्हाईक तपासणीला आलं. गोरापान, टकला, फार शिस्तीचा माणूस. मालकांनी मला दुभाषा म्हणून बरोबर दिलं. कोअर शॉपमध्ये त्यानं ओव्हन किती गरम ठेवता, कोअर किती वेळ ठेवता, सगळं विचारलं. आण्णांनी मराठीत चोख सांगितलं, मी इंग्रजीत. मालक खूश. आणि तेवढ्यात आण्णा म्हणाले, "आता आमचं एक इचारा की सायबाला."

मी त्यांची बाही ओढली. "आण्णा, नको."

"इचारा वो. घंटेच्या पिक्चरात म्हातारा घरी पोचतो का?"

मालक माझ्याकडं बघायला लागले, जर्मनही बघायला लागला. काहीतरी बोलणं भाग होतं, म्हणून घाम पुसत मी विचारून टाकलं. आणि काय सांगू, त्या शिस्तीच्या माणसाचा चेहरा एकदम उजळला! त्याच्या मुलांचा आवडता पिक्चर तो. म्हणाला, तुम्ही बघितला तो आखूड. पुरा पिक्चर डिस्कवर निघालाय, तासभर जास्त आहे. म्हातारा घरी पोचतो का? त्यानं टक्कल खाजवलं. त्याला आठवेना. शेवटापर्यंत पोरं कधी जागीच राहत नाहीत, म्हणाला.

"बघा!" आण्णा माझ्यावरच ओरडले. "तासभर कापलंय! मी सांगत हुतो का न्हवतो?"

चार महिन्यांनी जर्मनीहून पाकीट आलं. त्यात चाळीस नग नापास केल्याचा रिपोर्ट आणि त्याखाली एक डिस्क. मालकांनी रिपोर्ट वाचून कपाळाला हात लावला, आणि आण्णा ती डिस्क रुमालात गुंडाळून छातीशी धरून माझ्यापुढं उभे.

"साहेब, तुमच्याकडं काँप्युटर हाय न्हवं घरात?"

होता. कसबा बावड्यातल्या माझ्या दोन खोल्यांत हप्त्यानं घेतलेला काँप्युटर होता, आणि लांब पिक्चर हिंदीत नव्हता, नुसता इंग्रजीत. म्हणजे काँप्युटर माझा, वीज माझी, सोमवार माझा आणि भाषांतरही माझंच. आलिया भोगासी!

दर सोमवारी दोन वाजता आण्णा यायचे. काँप्युटरसमोर मांडी घालून बसायचे. एक वाक्य झालं की, "थांबा. काय म्हणाला?" मी सांगायचो. ते ओठ हलवत ते वाक्य दोनदा घोकायचे, आणि मग, "हां, चालू द्या." मी म्हटलं, आण्णा, परीक्षा आहे काय? तर नुसते हसायचे. तीन तासांत जेमतेम वीस मिनिटांचा पिक्चर सरकायचा. माझी बायको सुनीता वेगळीच वैतागलेली. आण्णांना कांदा-लसूण चालत नाही. "कोल्हापुरात कांद्याबिगर पाहुणचार करायचा म्हणजे काय करायचं हो मी?" शेवटी तिनं बिनकांद्याचं उप्पीट काढलं. आण्णांनी ते इतकं वाखाणलं की नऊ सोमवार आमच्याकडं तेच शिजलं.

पण खोटं कशाला बोलू? चौथ्या-पाचव्या सोमवारी मला त्या पिक्चरची गोडी लागायला लागली. आखूड पिक्चरमध्ये ते खेचर कड्यावरून पडतं आणि संपतं, आपण पापडसुद्धा खाली ठेवत नाही. लांब पिक्चरमध्ये त्या खेचराला नाव होतं. ते हट्टी होतं, म्हातारा त्याला शिव्या द्यायचा आणि रात्री त्याच्या पाठीला टेकून झोपायचा. पोरगी आपल्या वाटणीची भाकरी चोरून त्याला चारायची. ते पडलं तेव्हा सुनीता पदर तोंडाला लावून आत निघून गेली. आणि घंटेचा साचा! सतरा मिनिटं नुसता साचा वाळत होता. पोरगी वाळू चाळतेय, म्हातारा माती कालवतोय, दोघं मंद जाळावर साचा शेकतायत आणि कुठल्या कुठल्या गप्पा मारतायत. आण्णांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. "वाळू दिला," म्हणाले. "वाळू दिला बघा त्येनं."

मी मान्य केलं, लांबच चांगला आहे. आण्णांना मात्र तसं सांगितलं नाही. सांगितलं असतं तर डोक्यावर बसले असते.

नवव्या सोमवारी शेवटची दहा मिनिटं उरली. घंटा ओतून झाली होती. घड्याळात पाचला पाच कमी होते. आण्णा उठले आणि टोपी घातली.

"अहो आण्णा! दहा मिनिटं राहिली!"

"दिवस मावळंल."

"पाच वर्षं ज्याच्यासाठी आमचं डोकं खाल्लं ते दहा मिनिटांवर आलंय. बसा की!"

"पुढच्या सोमवारी," म्हणाले आणि गेले. जिना उतरताना एकदा थांबले, वळून बघितलं. "साहेब, तुमी बघा. पर मला सांगू नका." 

मी इतका चिडलो होतो की तिथंच बसून शेवट बघितला. लांब पिक्चरमध्ये म्हातारा घरी पोचत नाही. तिथंही तो घंटेला टेकून मरतो, फक्त मरायला जास्त वेळ घेतो. मी सुनीताला म्हटलं, "झालं? ह्याच्यासाठी नऊ सोमवार घातले." आणि मनात ठरवलं की सोमवारपर्यंत वगैरे थांबायचं नाही, उद्याच गाठून सांगायचं आणि हा विषय कायमचा मिटवायचा.

दुसऱ्या दिवशी नेमका कोअरचा ओव्हन बंद पडला. जर्मनीचा नापास झालेला माल पुन्हा करून रात्रीच्या ट्रकनं पाठवायचा होता. मालक स्वतः शॉपवर येऊन उभे राहिले. आण्णांशिवाय तो जुना ओव्हन कुणाला ऐकत नव्हता. चार वाजता आण्णा माझ्या टेबलापाशी आले. हात काळे, टोपी हातात. पंधरा वर्षांत त्यांचा असा चेहरा मी बघितला नव्हता.

"साहेब, माझ्या घरी जाशीला?"

"मी?"

"दिवस मावळायच्या आत पोचा. स्वैपाक केल्याला हाय. आक्काला एवढंच सांगा की मी बरा हाय, कामात हाय, आणि दिवस हाय अजून. मी न्हाय गेलो तर ती जेवत न्हाय. फोन न्हाय घरात. शेजारची मालूताई हाय, पर ती माहेरला गेलीया."

"दिवस आहे अजून हे सांगायला माणूस कशाला लागतो?"

आण्णा टोपीकडं बघत म्हणाले, "तिला दिसत न्हाय, साहेब."

मी स्कूटर काढली. उसाचे दिवस. उचगावपाशी ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या अशा अडकलेल्या की पुढं वाट नाही, मागं वाट नाही. मी आयुष्यात पहिल्यांदा सूर्याकडं इतक्या वेळा बघितलं असेल. एका ट्रॅक्टरवाल्याला मी इतकं झापलं की तो खाली उतरून म्हणाला, "पावणं, घरात कोण आजारी हाय का?" शेवटी शेतातल्या पाणंदीनं स्कूटर घातली आणि गडमुडशिंगीत शिरलो तेव्हा सूर्य उसाच्या तुऱ्यांवर हातभर उरला होता.

कौलारू छोटं घर. दारात साठीच्या पुढची एक बाई, पांढऱ्या लुगड्यात, पश्चिमेकडच्या भिंतीवर उजव्या हाताचा तळवा ठेवून उभी.

"तम्मा?" म्हणाली. तम्मा म्हणजे धाकटा भाऊ. सीमेकडच्या घरांत ही कानडी हाक असते.

"मी आण्णांच्या कंपनीतला. आण्णा बरे आहेत, ओव्हन बिघडलाय म्हणून अडकलेत. तुम्हाला जेवून घ्या म्हणालेत. दिवस आहे अजून."

"क्वालिटीचं साहेब न्हवं तुमी?" तिचा चेहरा खुलला. "बिनकांद्याच्या उप्पिटाचं? या की आत. भिंतीला ऊब हाय, पर किती वर हाय दिवस?"

"हातभर आहे आक्का. उसाच्या वर."

ती आत आली, भिंत धरत धरत बरोबर चुलीपाशी बसली. मी वाढलं. भाकरी, मुगाची आमटी, अंबाडीची भाजी. पहिला घास हातात घेऊन ती थांबली आणि म्हणाली, "आणि तुमी जेवलासा कवा?"

मला हसू फुटलं आणि ते तसंच गिळलं. पंधरा वर्षं जी मला आण्णांची खोड वाटली होती ती इथली होती. तिनं मला ताटावर बसवल्याशिवाय घास तोंडात घातला नाही.

जेवता जेवता ती बोलत होती. काचबिंदूनं डोळे गेले, पंधरा-सोळा वर्षं झाली. आई-बाप लवकर गेले, तम्माला तिनंच वाढवला, तिचंही लग्न तसंच राहून गेलं. "गावात तंबूत पिक्चर लागायचं. त्याला खांद्यावर घिऊन मी पिक्चर दावलाय. आता त्यो मला दावतो. सोमवारी बघून येतो, मग रोज दिवा लागला की थोडं थोडं सांगतो."

"घरी टीव्ही आहे की," मी कोपऱ्यातल्या टीव्हीकडं बघत म्हटलं.

"त्यात काय कळतंय? नुसतं खणखण आणि आरडाओरडा. कोण कुणाला मारतंय कुणाला ठावं! माणसं जेवाय बसली की मग बोलत्यात. मग कळतंय कोण कसा हाय त्ये. पर तेवढंच कापत्यात म्हणं."

मी भाकरीचा तुकडा ताटात फिरवत राहिलो. त्या घोकलेल्या वाक्यांतलं एकेक वाक्य मला आठवत होतं. माझ्या खोलीतनं दर सोमवारी हा माणूस तिच्यासाठी जेवण बांधून न्यावं तसं ते घेऊन जात होता, आणि मी त्याला परीक्षा आहे काय म्हणून विचारलं होतं. लाज वाटली मला माझी.

हात धुऊन झाल्यावर ती म्हणाली, "घंटेचं शेवटचं ऱ्हायलंय. तम्मा म्हणाला, ते सायबांनी बघितलं असंल. म्हातारा पोचला का घरी?"

मी ताटं गोळा करायला लागलो.

"त्याची भैन पाच वर्सं झाली, दारात बसलीया."

"बहीण?"

"त्या म्हाताऱ्याची भैन वो. आंधळी. घंटा ऐकून तिला दिवस कळायचा. म्हणून तर त्यो घंटा करायला गेला. तुमच्या काँप्युटरात न्हाय का ती?"

त्या पिक्चरात म्हाताऱ्याला बहीण नाही. आखूडमध्ये नाही, लांबमध्येही नाही.

"हाय की," मी म्हटलं.

"मग पोचला का त्यो? म्हाताऱ्याचं काय बरं-वाईट झालं तर तिला दिवस मावळला का त्ये कोण सांगणार? तम्माला मी इचारते तर त्यो म्हणतो, कापलंय. मला कळतंय वो. त्याचंबी वय झालं. माझ्या आधी त्यालाच काय झालं तर, ह्याचं भ्या हाय त्याला."

मी क्वालिटीचा माणूस. जे नाही ते आहे म्हणून सही करणं मला कधी जमलं नाही, मालकांनी सांगूनही केलं नाही. त्या दिवशी केली.

"म्हातारा झोपला होता आक्का. दमला होता. सकाळी पोरीनं उठवला. दोघं डोंगर उतरायला लागले." मी पुढं गेलो, तशी तिनं मान हलवली.

"थांबा. जेवली कवा?"

च्यायला! राहिलंच की. मग मी नदीकाठी एक नावाडी घातला. नावाड्याच्या बायकोनं गरम भाकरी केली, आमटी केली. नावाडी म्हाताऱ्याला म्हणाला, दमानं जेवा, दिवस हाय अजून. मग मला ते खेचर आठवलं, त्याच्यासाठी पोरीनं डोंगराच्या कडेला पेंढी ठेवली. मग पोरीचं गाव आलं, ती वेशीवर पाया पडली. मी, ज्याला दोन तासांचा पिक्चर लांब वाटायचा, तासभर म्हाताऱ्याला चालवत होतो आणि तरी वाट पुरत नव्हती. शेवटी घर आलं. दारात बहीण भिंतीवर हात ठेवून उभी. दूर डोंगरावर नवी घंटा वाजली. ती म्हणाली, दिवस हाय का? म्हातारा म्हणाला, हाय की, चल, जेवून घिऊ.

आक्कानं दोन्ही हात जोडले. मी मागं बघितलं तर दारात आण्णा उभे. बाहेर अंधार पडला होता. म्हणजे आज त्यांना उपाशीच झोपायचं होतं. कधीपासून उभे होते कुणास ठाऊक.

स्कूटरपर्यंत ते माझ्याबरोबर आले. हळूच म्हणाले, "हे लांब पिक्चरात हाय?"

"हाय की. शेवटच्या दहा मिनिटांत."

"नावाडी?"

"नावाडी पण."

त्यांनी मान डोलावली. "मग बघू सोमवारी."

घरी आल्या आल्या मी डिस्क काढली आणि स्कूटरच्या किल्लीनं तिच्यावर दोन चांगले खोल चरे ओढले. सुनीता बघतच राहिली. "अहो, करताय काय हे?"

"पिक्चर कापतोय," मी म्हटलं.

सोमवारी दोन वाजता आण्णा आले. डिस्क लावली, ती घरघरली, अडकली, काँप्युटरनं ती बाहेर थुंकली. मी चुकचुकल्यासारखं केलं. आण्णांनी डिस्क हातात घेतली. ह्या माणसाचं आयुष्य कोअरला तडा गेलाय का हे बोटांनी चाचपण्यात गेलेलं. त्यांनी ती खिडकीशी नेऊन उन्हात तिरकी धरली, अंगठा चऱ्यांवरून फिरवला आणि माझ्याकडं बघितलं.

"चरा ताजा हाय," म्हणाले.

मी काँप्युटर बंद केला.

"बरं झालं," म्हणाले, आणि डिस्क रुमालात गुंडाळून खिशात ठेवली. मग त्यांनी उप्पीट खाल्लं, सुनीताला नेहमीसारखं वाखाणलं, आणि मला म्हणाले, "येत्या सोमवारी दोघं मिळून आमच्याकडं या जेवायला. आक्कानं सांगितलंय. पर पाचच्या आत या."

आणि पाच वाजायला आले होते म्हणून उठले.